स्वप्नातली बारव आणि आईच्या पाटल्या

मावशी, नमस्कार.

आम्ही तिघी बहिणी, भाऊ नाही. मी मधली, वय ४८, साताऱ्यात असते. थोरली ताई नाशिकला, धाकटी शारजाला. बाबांना जाऊन बारा वर्षं झाली. आई गेल्या कार्तिकात गेली. धाकटीला तिकीट मिळून ती पोचेपर्यंत तिसरा दिवस उजाडला, तिला आईचं तोंडसुद्धा बघायला मिळालं नाही.

तेराव्यानंतर आठवडाभरात तिचा फोन आला. म्हणाली, स्वप्नात आई आली होती, गावच्या बारवेत खालच्या पायरीवर बसून पाय धूत होती. ताई म्हणाली, अगं, मलाही परवा तेच दिसलं! माझ्या अंगावर काटा आला. मलाही बारव दिसली होती. आई होती की नव्हती ते नक्की आठवत नाही, पण त्या भरात मी 'मलाही' म्हणून गेले.

तेव्हापासून धाकटीने 'स्वप्नबारव' रचली आहे. चित्र काढून पाठवलं. तीन बाजूंनी तीन जिने, एकेकीचा एक. रात्री साडेदहाला डोळे मिटून आपापल्या जिन्याने पायऱ्या मोजत उतरायचं. एकवीस पायऱ्या. खाली पाणी तिघींचं एकच, तिथे भेटायचं. पहाटे साडेचारला गजर, आणि ग्रुपवर काय दिसलं ते बोलून पाठवायचं. खोटं कशाला सांगू, सुरुवातीला फार बरं वाटलं. पण गेला दीड महिना मला काहीही दिसत नाही. दोघींचं ऐकते आणि त्यात आपलं थोडं जोडून सांगते. एकदा मी 'आईने निळी नऊवारी नेसली होती' असं ठोकून दिलं. दुसऱ्या दिवशी दोघींनाही निळी नऊवारी दिसली!

आता गेल्या आठवड्यात धाकटी म्हणाली, आईने खालच्या पायरीवरून सांगितलं, माझ्या पाटल्या धाकटीला द्या. ताई लगेच म्हणाली, हो, मीही ऐकलं. पाटल्या माझ्या कपाटात आहेत. दोन, मिळून चार तोळे. मला सोन्याचा मोह नाही, पण एक पाटली माझ्या लेकीला लग्नात घालायची असं आई मला म्हणाली होती. खरं सांगायला गेले तर दीड महिन्याचं खोटं उघडं पडतं. गप्प बसले तर पाटल्या जातात. नवरा हसतो. स्वप्नं खरंच अशी जोडली जातात का? मलाच का दिसत नाही? आई माझ्यावर रागावली आहे का?

— मधली

---

निळ्या नऊवारीपाशी मी तुमचं पत्र खाली ठेवलं आणि आधी चहा टाकला. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर त्या एका वाक्यात तुम्हीच देऊन ठेवलंय, फक्त तुमच्या लक्षात आलेलं नाही.

साडी तुम्ही बनवलीत. सकाळी फोनवर सांगितलीत. दुसऱ्या पहाटे ती नाशिकलाही पोचली आणि शारजालाही. म्हणजे जोडणी झाली हे खरंच, पण ती रात्री त्या एका पाण्यातून झालेली नाही. सकाळी बोलण्यातून झाली. तुमच्या स्वप्नबारवेचा चौथा जिना म्हणजे तो ग्रुप, आणि सगळी वर्दळ त्याच जिन्यावर आहे.

म्हणून दोघी खोटं बोलल्या असं लगेच ठरवू नका. मनी वसे ते स्वप्नी दिसे हे आपण म्हणतोच. दिवसभरात कानावर पडलेलं रात्री स्वप्नात उगवतं, आणि आईची निळी नऊवारी ही तर आई गेलेल्या लेकीच्या मनात दिवसभर रुतून बसणार. शिवाय स्वप्न जागं झाल्यावर काही मिनिटांतच विरायला लागतं. उरतात त्या भोकांना आपण ठिगळं लावतो, आणि ठिगळाचं कापड जवळ असेल तेच घेतो. कालची निळी साडी जवळच होती.

माझंच सांगते. वडील गेले तेव्हा मी कोल्हापुरात होते, भाऊ पुण्यात. दोघांनाही स्वप्नात वडील भिंतीवरच्या घड्याळाला चावी देताना दिसले. पुढे वीसेक वर्षं प्रत्येक लग्नामुंजीत आम्ही ती गोष्ट सांगितली. 'मला आधी दिसले, मग याचं पत्र आलं', हे माझं ठरलेलं वाक्य. ऐकणारे हात जोडायचे. मग घर बदलताना ट्रंकेत भावाचं ते निळं आंतर्देशीय पत्र सापडलं. मी तेव्हा रोजनिशी लिहायचे, तीही खालीच होती. पत्रावरचा कोल्हापूरचा शिक्का माझ्या स्वप्नाच्या दोन दिवस आधीचा! मी कुणाला फसवलं नव्हतं. माझ्या आठवणीनेच दोन तारखांची अदलाबदल करून टाकली होती. ट्रंकेपाशी बसून थोडं हसले, थोडी रडले. घड्याळ मात्र खरं होतं, वडील दर रविवारी त्याला चावी द्यायचे, आणि ते आम्ही दोघांनी पाहिलेलं होतं. तुमची बारवही तशीच. एकच आई, एकच बारव, एकच बालपण. तीन डोक्यांत एकच सामान भरलेलं असल्यावर त्यातून सारखीच चित्रं निघणार.

आणि झोपलेल्यांची भेट घडवणारी वास्तू बांधणारी तुमची धाकटी काही पहिली नव्हे. ग्रीसमध्ये एपिडॉरसला अस्क्लेपिअस या वैद्यदेवाचं मोठं देवस्थान होतं. तिथे रोगी झोपवायची वेगळी इमारत असे, तिला अबाटन म्हणत. रात्री स्वप्नात देव यायचा आणि बरं करायचा, किंवा उपाय सांगायचा. बरे झालेल्यांच्या हकिगती इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात शिळांवर कोरून ठेवल्या, त्यातल्या बऱ्याच आजही वाचता येतात. एक हकिगत तुमच्यासाठीच लिहिल्यासारखी आहे. अराता नावाची स्पार्टाची मुलगी, तिला जलोदर झालेला. ती घरीच राहिली आणि तिच्या वतीने आई येऊन एपिडॉरसला झोपली. आईला स्वप्न पडलं की देवाने मुलीचं डोकं कापलं, धड उलटं टांगलं, सगळं पाणी वाहून जाऊ दिलं आणि डोकं परत मानेवर बसवलं. आई घरी गेली तर मुलगी ठणठणीत, आणि तिलाही तेच स्वप्न पडलेलं!

मला ही हकिगत फार आवडते. मायलेकींमध्ये किती जीव असेल ते दिसतं. पण शिळा देवस्थानाने कोरलेली होती, हे विसरता येत नाही. आणि घराच्या उंबऱ्यावर दोघींपैकी आधी कोण बोललं, ते त्या शिळेवर नाही.

आताच्या काळातही लोकांनी हे तपासून पाहिलंय, आणि तेही टवाळी म्हणून नव्हे. न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात मायमॉनिडीज रुग्णालयात १९६० च्या दशकात मॉन्टेग्यू उलमन आणि स्टॅन्ली क्रिपनर यांनी स्वप्नांची प्रयोगशाळाच चालवली. एका खोलीत एकजण चित्राकडे एकाग्रतेने बघत बसे, दुसऱ्या खोलीत दुसरा झोपलेला. स्वप्न चालू आहे असं यंत्रावर दिसलं की त्याला उठवून विचारायचे. सुरुवातीला त्यांना आशा वाटावी असे निकाल मिळाले. इतरांनी करून पाहिलं तेव्हा ते भरवशाने परत मिळाले नाहीत. २०२१ साली अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्स इथल्या चार गटांनी मिळून वेगळंच काही साधलं. आपण स्वप्नात आहोत हे ज्यांना स्वप्नातच कळतं, अशांना झोपेतच प्रश्न विचारले: आठातून सहा गेले किती? झोपलेल्याने मिटल्या पापण्यांआड डोळे दोनदा डावी-उजवीकडे फिरवून 'दोन' असं उत्तर दिलं. ३६ माणसं, १५८ प्रयत्न, आणि बरोबर उत्तरं जेमतेम १८ टक्के. तरी मला ते वाचून शहारा आला होता. पण तिथेही विचारणारा टक्क जागा होता. झोपलेल्याने झोपलेल्याला गाठल्याचा पुरावा कुणापाशी नाही.

मलाच का दिसत नाही, याचं उत्तर रुक्ष आहे: गजर. झोप साधारण दीड-दीड तासाच्या फेऱ्यांत चालते, आणि भरघोस स्वप्नांची झोप रात्रीच्या शेवटच्या भागात लांबत जाते. साडेचारला उठून तुम्ही नेमका तोच भाग छाटता. त्यातून गजर स्वप्नाच्या मधोमध वाजला तर आठवतं, गाढ झोपेत वाजला तर पाटी कोरी. धाकटीचा तर विचार करा, तिच्याकडे तेव्हा पहाटेचे तीन! ती बाई तीन महिने पहाटे तीनला उठतेय आणि नंतर कामाला जातेय. भलतंसलतं ऐकू यायला आणखी काय लागतं?

आई रागावली आहे का, हे तुम्ही अगदी शेवटी विचारलंत. खरं पत्र त्यासाठीच लिहिलंत असं मला वाटतं. तुकोबांना स्वप्नात गुरू भेटले, ती हकिगत त्यांनी स्वतःच सांगून ठेवली आहे. स्नानाला जाताना वाटेत भेट झाली, त्यांनी डोक्यावर हात ठेवला, आणि जेवायला पावशेर तूप मागितलं. त्या तुपाचा तुकोबांना स्वप्नातच विसर पडला. आपल्याकडून काही अंतर पडलं म्हणूनच त्यांनी निघायची घाई केली की काय, अशी रुखरुखही त्यांनी लपवली नाही. एवढ्या मोठ्या माणसाला स्वप्नात पावशेर तूप राहून गेल्याची टोचणी लागते! पण तूप राहिलं म्हणून दिलेला मंत्र काही परत गेला नाही. आईच्या आजारपणात तुमच्याकडून काय राहिलं ते तुम्ही लिहिलं नाहीत. काहीतरी असणार, सगळ्यांचंच असतं. ते मला नाही तर कुणाला तरी एकदा सांगून टाका. ते सांगायला स्वप्न पडायची वाट बघायला नको.

आता पाटल्या. इथे मी जरा कडक बोलणार आहे, आणि ते दोन्ही बाजूंनी लागू आहे.

स्वप्नातला शब्द पाळणारा म्हटलं की आपल्याला हरिश्चंद्र आठवतो. स्वप्नात विश्वामित्राला राज्य दिलं आणि सकाळी उठून खरोखर सोडलं, अशीच गोष्ट आपण लहानपणापासून ऐकलेली. पण बारकावा बघा: राज्य त्याचं स्वतःचं होतं आणि स्वप्नही त्याचंच. आपल्या स्वप्नात दुसऱ्याच्या वाट्याचं देऊन टाकायची सोय हरिश्चंद्रालाही नव्हती. धाकटीला पाटल्या हव्यात ना? तर तिने जागेपणी, डोळ्याला डोळा भिडवून मागाव्यात. 'मला हव्यात' म्हणावं. आईच्या तोंडून मागितलं की समोरच्याला नाही म्हणायची जागाच उरत नाही, म्हणूनच ती रीत वाईट.

आणि तुमची बाजू. 'एक पाटली माझ्या लेकीला', हे आईचं बोलणं ऐकायला आणखी कोण होतं? पत्रावरून तरी तुम्ही एकट्याच दिसता. तुमच्यावर माझा विश्वास आहे. पण ताईने आणि धाकटीने त्याचा काय पुरावा धरायचा? त्यांच्या लेखी तेही खालच्या पायरीवरून आलेलंच. आईने मृत्युपत्र केलेलं नसेल तर १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याप्रमाणे तिच्या वस्तूंवर नवरा, मुलगे आणि मुली यांचा सारखा हक्क. तुमच्याकडे वडील नाहीत, भाऊ नाही, म्हणजे तिघी सारख्या. दोन पाटल्या आणि तीन लेकी, हे गणित कायद्याने सुटतं पण मनात अडकतं, हे मला कळतं. आटवून तीन वाटे करू नका, एवढंच माझं मत. आईच्या हातावर झिजलेल्या पाटल्या आहेत त्या. दोघींनी एकेक घ्यावी आणि तिसरीला आईचं दुसरं काही, फरकाचे पैसे वेगळे. हे वर्षश्राद्धाला तिघी गावी जमाल तेव्हा ठरवा, आत्ता नको. तोवर सोनाराकडे वजन करून पावती घ्या, फोटो काढा आणि दोघींना पाठवून द्या. पाटल्या तुमच्याकडे आहेत म्हणजे तुमच्या आहेत असं कुणाला वाटायला नको.

खोटं मात्र त्याआधी सांगायचं, आणि पाटल्यांच्या विषयात मिसळायचं नाही. दोन्ही एकाच फोनवर आलं की कबुलीची फिर्याद होते. पहिल्यांदा ताईला. दुपारी फोन करा, ग्रुपवर नको. म्हणा, 'ताई, ती निळी नऊवारी मी बनवून सांगितली होती. मला दीड महिना काही दिसत नाहीये.' बास. 'मग तुम्हाला कशी दिसली?' हे चुकूनही विचारू नका, अगदी जिभेच्या टोकाशी येईल तरी. गप्प राहा. माझा अंदाज सांगू? पलीकडून आधी काहीच ऐकू येणार नाही, आणि मग ताई म्हणेल, 'मलाही नाही गं दिसत.' पहिल्या दिवशी तुम्ही 'मलाही' का म्हणालात? धाकटी एकटी पडू नये म्हणून. ताईचं 'मीही ऐकलं' त्याच जातीचं असेल. तिघींपैकी प्रत्येक जण उरलेल्या दोघींसाठी ती बारव खांद्यावर धरून उभी आहे, असंही असू शकतं. माझा अंदाज चुकला आणि ताई चिडली, तर चिडू द्या. दोन दिवसांनी तीच फोन करेल.

धाकटीशी बोलणं अवघड आहे. तुम्ही दोघी आईपाशी होता. तुम्ही तिला शेवटचं पाणी घातलंत, न्हाऊमाखू घातलंत. ती विमानतळावर बसून होती. तिने बारव बांधली, कारण तिला खाली उतरून जाता येईल अशी दुसरी जागाच नव्हती. म्हणून 'हे सगळं थोतांड आहे' अशी सुरुवात केलीत तर मी या सदरातून तुमचे कान धरीन. आधी तिला विचारा, शेवटच्या दिवसांतलं तिला काय काय ऐकायचंय. आई काय खात होती, कुणाचं नाव घेत होती, शेवटी कुठली साडी नेसवली. तुम्ही दोघींनी हे तिला कधी नीट बसून सांगितलंय का? मला शंका आहे. तिघींनाही ते माहीतच आहे असं धरून घरचे चालतात, आणि जी तिथे नव्हती ती बिचारी विचारायला कचरते. हे बोलणं झाल्यावर मग साडीचं सांगा. पाटल्यांमागे तिचा काही वेगळा हट्ट असेल तर तोही तेव्हा आपोआप बाहेर येईल.

ती जागेपणीही आवाज ऐकत असेल, किंवा नोकरी-घराचे निर्णय बारवेला विचारून घेत असेल, तर तिला मानसोपचारतज्ज्ञाकडे न्यायला तिच्या नवऱ्याशी बोला. आणि उद्या कुणी बाहेरचा बाबा 'बारव सिद्ध करून देतो' म्हणत पैसे मागायला लागला, तर महाराष्ट्रात २०१३ पासून त्याच्यासाठी कायदा आहे. तुमच्या पत्रात अजून तसं काही दिसत नाही, म्हणून पुढे बोलत नाही.

बारव मोडा असं मी म्हणणार नाही. डोळे मिटून पायऱ्या मोजत उतरणं ही झोप यायला चांगलीच युक्ती आहे, ती ठेवा. गजर आज रात्रीच बंद करा. सकाळी आपोआप जाग आल्यावर काही आठवलं तर आधी वहीत लिहायचं, आणि दोघींचं ऐकायचं ते नंतर. आठवलं नाही तर 'आज काही नाही' असं बिनधास्त सांगायचं. आणि रोज पहाटेऐवजी रविवारी सकाळी अकराला बोला. शारजात तेव्हा साडेनऊ, सुट्टीही असते. आईच्या हातच्या कशाबद्दल तरी बोला, स्वप्न पडलेलं असो नसो.

एक गंमत सांगायची राहिली. जुन्या वास्तुशास्त्रात बारवेला एक वाट असेल तर ती नंदा, दोन असतील तर भद्रा, तीन असतील तर जया, आणि चार असतील तर विजया. धाकटीने नकळत जया बांधली आहे. तुमच्या गावची खरी बारव कुठली, ते तुम्ही लिहिलंच नाहीत, आणि मला वाटतं तिघींना विचारलं तर तीन उत्तरं येतील. वर्षश्राद्धाला जाल तेव्हा बघून या. पायऱ्याही मोजा, एकवीसच आहेत का ते मला कळवा. कार्तिकात पाणी वरपर्यंत असतं आणि खालच्या पायऱ्यांना शेवाळ धरलेलं असतं, तेव्हा उतरताना धाकटीचा हात धरा.